गाडी धरली, तर कागद धर

बाळा, ट्रॅक्टर-ट्रॉली घेतलीस, नारळ फोडलास, बोनेटवर हार चढवलास, छान झालं. आता इंदरगंजच्या काकाचं दोन मिनिटं ऐक. आपल्या ग्वाल्हेरात डबऱ्याकडून सिंध नदीची रेती येते नि मुरैन्याकडून चंबळची, आणि दोन्हींच्या वाटेवर गाड्या धरल्या जातात. रेतीत रुतलेलं चाक निघतं रे, कागदात रुतलेलं निघत नाही.

१. ट्रॉली हलवण्याआधी ई-टीपी, म्हणजे वाहतुकीचा ऑनलाइन पास, स्वतः वाच: गाडीचा नंबर, घनमीटर, कुठून कुठे, किती वाजेपर्यंत — वेळ उलटली की रॉयल्टी भरलेली रेतीही अडचणीत आणते.

२. पावसाळ्यात माल साठ्यावरचाच घे आणि पावतीही त्याच साठ्याची माग — तेव्हा नदीतला उपसा बंद असतो, हे नाक्यावरच्या शिपायालाही ठाऊक असतं.

३. चंबळची रेती फुकट मिळाली तरी नको — ते घडियालांचं अभयारण्य आहे, आणि स्वस्ताची रेती घर बांधत नाही, घर विकायला लावते.

४. ड्रायव्हरला ताकीद लेखी दे, खाली त्याची सही घे — वन कायद्याच्या कलम ५२ खाली गाडी वाचवायची तर ‘मला ठाऊक नव्हतं’ एवढं पुरत नाही, आपण काळजी घेतली होती हेही दाखवावं लागतं.

५. हात दाखवला की थांबायचं, इंजिन बंद करायचं, खाली उतरायचं, हे ड्रायव्हरकडून घोकून घे — ८ मार्च २०१२ ला इथेच बानमोरला दगडांची ट्रॉली अडवताना नरेंद्र कुमार हा तरुण पोलीस अधिकारी चिरडला गेला. समोरचा माणूस घाबरलेला असू शकतो, हे विसरू नकोस.

६. पहिला प्रश्न एकच विचार, तोही नम्रपणे: ‘साहेब, गाडी पोलिसांनी धरली, खनिजवाल्यांनी की वनखात्याने?’ — तिघांची दारं वेगळी. ग्वाल्हेर खंडपीठाने सोडायला सांगितलेल्या एका ट्रॅक्टर-ट्रॉलीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये बजावलं, की वनखात्याने राजसातची, म्हणजे गाडी सरकारजमा करण्याची, कारवाई सुरू करून मॅजिस्ट्रेटला कळवलं, की त्याला गाडी सोडता येत नाही.

७. पंचनाम्यात टायर, बॅटरी, जॅक, स्टेपनी सगळं लिहून घे, चारही बाजूंनी फोटो काढ, आणि कोऱ्या कागदावर सही करू नकोस — ठाण्याच्या आवारात महिनाभर उभ्या गाडीची बॅटरी कुठे गेली, हे नंतर कोणालाच आठवत नाही.

८. गाडी जप्त झाली म्हणजे सरकारची झाली असं समजून हातपाय गाळू नकोस. पोलिसांनी धरली असेल तर सुपुर्दगीचा, म्हणजे गाडी ताब्यात परत मिळवण्याचा, अर्ज लगेच लाव — जप्त वाहनं ठाण्यात सडत ठेवू नयेत, फोटो आणि जामीनपत्र घेऊन सोडावीत, असं सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितलंय.

९. नोटीस आली की घडी घालून देव्हाऱ्यात ठेवू नकोस, मुदतीत लेखी उत्तर दे आणि शिक्क्याची पोच घे — राजसात करण्याआधी मालकाला म्हणणं मांडू द्यावंच लागतं, पण तू गप्प बसलास तर ती संधी तूच घालवलीस. हाती पोच, तर कमी बोच.

१०. दंड भरण्याआधी वकिलाला विचार — सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या निकालाप्रमाणे तडजोडीने खनिज कायद्यातलं प्रकरण मिटतं, पण चोरीचा गुन्हा वेगळा चालू राहू शकतो.

११. खटल्यातून सुटलास, तर निकालाची प्रमाणित प्रत त्याच आठवड्यात काढ — गोवंश कायद्याखालच्या आपल्याच राज्यातल्या एका ट्रकबाबत सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये म्हटलं, की आरोपी सुटल्यावर गाडी राजसात ठेवणं हे मालमत्तेच्या हक्काविरुद्ध आहे.

१२. वनखात्याचा आदेश विरोधात गेला तर अपिलाला ३० दिवस असतात, कॅलेंडरवर लाल खूण कर आणि त्यात काकाला फोन करायचा दिवसही धर — तू एकोणतिसाव्या दिवशी उगवणार, हे मला आत्ताच दिसतंय.