आभाळातील शब्दकोडी

मुलांनो, बारामती गावातून कऱ्हा नदी वाहते. या कऱ्हेच्या काठी सुमारे अडीचशे वर्षांपूर्वी मोरोपंत नावाचे मोठे मराठी कवी राहत होते. त्यांचा जन्म १७२९ साली झाला आणि १७९४ साली ते वारले. त्यांनी शंभरावर रामायणे रचली, असे सांगतात. एकच कथा इतक्या वेळा का सांगितली? कारण मोरोपंतांना शब्दांशी खेळायला फार आवडे. प्रत्येक रामायणात ते स्वतःला एक नवी अट घालून घेत. त्यांच्या एका रामायणाचे नाव 'निरोष्ठ रामायण' आहे. ओष्ठ म्हणजे ओठ. प, फ, ब, भ, म ही अक्षरे उच्चारताना ओठ मिटतात. ही अक्षरे या रामायणात मुळीच नाहीत. आता गंमत पाहा. 'राम' या शब्दातच 'म' आहे! म्हणजे रामाची सगळी कथा सांगायची, पण रामाचे नाव घ्यायचे नाही.

आपणही आज असेच खेळ खेळू या. आपल्या खेळाचे मैदान मात्र आभाळ आहे.

पहिला खेळ मोरोपंतांचाच. सूर्याभोवती आठ ग्रह फिरतात. सूर्यापासून क्रमाने त्यांची नावे अशी : बुध, शुक्र, पृथ्वी, मंगळ, गुरू, शनी, युरेनस, नेपच्यून. ही नावे मोठ्याने म्हणा आणि ओठांकडे लक्ष ठेवा. कोणती नावे ओठ न मिटता म्हणता येतात? शुक्र, गुरू, शनी आणि युरेनस. बुध, पृथ्वी, मंगळ आणि नेपच्यून म्हणताना ओठ मिटावेच लागतात. चार ग्रह इकडे, चार ग्रह तिकडे. दोनतीन वेळा हा खेळ खेळलात की ग्रहांची नावे क्रमासह पाठ होतील.

तुम्ही म्हणाल, "आमच्या विज्ञानाच्या पुस्तकात हीच नावे उर्दूत आहेत. उतारिद, जुहरा, मिर्रीख, मुश्तरी, जुहल आम्हांला येतात. मग मराठी नावे कशाला?" प्रश्न बरोबर आहे. पण शाळेबाहेर पडलात की पावसाचा अंदाज मराठीत ऐकावा लागतो. ग्रहणाची बातमी मराठी वर्तमानपत्रात येते. ज्याला शब्द कळत नाही, तो घोळक्यात मागे उभा राहतो. शिवाय हे शब्द तुम्हांला वाटतात तितके परके नाहीत. अर्धे उत्तर तुमच्या घरातच आहे.

आपल्या पुणे जिल्ह्यात, जुन्नर तालुक्यातील खोडद येथे एक प्रचंड रेडिओ दुर्बीण आहे. तिला तीस अँटेना आहेत. प्रत्येक अँटेना पंचेचाळीस मीटर व्यासाची आहे. ताऱ्यांकडून येणाऱ्या रेडिओ लहरी ती टिपते. मराठीतला 'दुर्बीण' हा शब्द कोठून आला? तो तुमचा 'दूरबीन' आहे! दूर म्हणजे लांब आणि बीन म्हणजे पाहणारा. फारसीतून तो मराठीत आला आणि येथे त्याच्या 'न'चा 'ण' झाला. 'आस्मान'ही असाच आला. कुस्तीत पैलवान दुसऱ्याला चीत करतो, तेव्हा मराठी माणूस म्हणतो, "त्याने त्याला अस्मान दाखवले." पाठीवर पडलेल्याला दुसरे काय दिसणार? दुष्काळ, गारपीट अशा आभाळातून येणाऱ्या संकटांना मराठीत 'अस्मानी' संकट म्हणतात.

आता शब्द फोडण्याचा खेळ. बदाम फोडल्यावर आत बी सापडते, तसा शब्द फोडल्यावर आत अर्थ सापडतो.

'उपग्रह' घ्या. उप + ग्रह. 'उप' म्हणजे जवळचा किंवा दुय्यम. कऱ्हा नदी बारामती तालुक्यात नीरा नदीला मिळते, म्हणून ती नीरेची उपनदी. नीरा पुढे इंदापूर तालुक्यात नरसिंहपूर येथे भीमेला मिळते, म्हणून ती भीमेची उपनदी. तसा चंद्र पृथ्वीभोवती फिरतो, म्हणून तो पृथ्वीचा उपग्रह, आणि पृथ्वी स्वतः सूर्याभोवती फिरते. फरक इतकाच, की नदी नदीला मिळून जाते. चंद्र मात्र पृथ्वीला मिळत नाही, नुसता फेऱ्या घालतो. माणसाने तयार करून सोडलेला उपग्रह तो कृत्रिम उपग्रह. भारताचा पहिला कृत्रिम उपग्रह 'आर्यभट' १९७५ साली आकाशात गेला.

'शनी' हा शब्द फोडायचा तर त्याचे पूर्ण नाव हवे : शनैश्चर. शनैः म्हणजे हळूहळू आणि चर म्हणजे चालणारा. हळूहळू चालणारा तो शनैश्चर. शनीला सूर्याभोवती एक फेरी घालायला सुमारे साडेएकोणतीस वर्षे लागतात. जुन्या लोकांजवळ दुर्बीण नव्हती, पण त्याची मंद चाल त्यांनी बरोबर ओळखली होती. तुमच्या घरी वडीलधारी माणसे शनिवारला 'सनीचर' म्हणतात ना? तो हाच शनैश्चर.

'गुरू' या शब्दाचे दोन अर्थ आहेत. एक उस्ताद आणि दुसरा जड. गुरू हा सर्वांत मोठा ग्रह आहे. बाकीचे सातही ग्रह तराजूच्या एका पारड्यात घातले, तरी गुरूचे पारडे खालीच राहील.

आता दोन शब्द असे आहेत, की त्यांच्यावर वर्गात वाद घालता येईल.

पहिला शब्द धूमकेतू. धूम म्हणजे धूर आणि केतू म्हणजे ध्वज, निशाण. धुराचे निशाण तो धूमकेतू. उर्दूत त्याला 'दुमदार तारा' म्हणतात, म्हणजे शेपटीवाला. एकाला निशाण दिसले, दुसऱ्याला शेपूट. कोणाचे बरोबर? शेपूट नेहमी प्राण्याच्या मागे असते. पण धूमकेतूचा पिसारा नेहमी सूर्याच्या विरुद्ध बाजूला असतो. धूमकेतू सूर्याकडे येतो, तेव्हा पिसारा मागे असतो. तो सूर्यापासून दूर जाऊ लागला, की पिसारा पुढे आणि धूमकेतू मागे! असे शेपूट कोणत्या प्राण्याला असते? निशाण मात्र वारा नेईल तिकडे फडकते, आणि सूर्याकडूनही कणांचा एक प्रकारचा वारा वाहत असतो. म्हणून या एका शब्दात मी मराठीला जास्त गुण देईन. हॅले नावाचा प्रसिद्ध धूमकेतू १९८६ साली येऊन गेला. आता तो २०६१ साली येईल. तेव्हा त्याचा पिसारा कोणीकडे आहे, ते तुम्हीच पाहा.

दुसरा शब्द आकाशगंगा. अमावास्येच्या रात्री गावाच्या दिव्यांपासून दूर गेले, तर आभाळात या टोकापासून त्या टोकापर्यंत एक फिकट पांढरा पट्टा दिसतो. तो असंख्य ताऱ्यांचा असतो. मराठीत त्याला आकाशातली गंगा म्हणतात. उर्दूत कहकशाँ. हा फारसी शब्द फोडा : काह म्हणजे वाळलेले गवत आणि कशाँ म्हणजे ओढत नेणारा. कोणी गवताचा भारा ओढत नेला आणि वाटेवर काड्या सांडत गेल्या, असे ते चित्र आहे. हे चित्र बारामती-इंदापूरच्या मुलांना समजावून सांगावे लागत नाही. हिवाळ्यात ऊसतोड सुरू झाली, की माळेगावच्या, सोमेश्वरच्या, भवानीनगरच्या साखर कारखान्यांकडे उसाच्या गाड्या जातात. गाडी दिसेनाशी होते, पण रस्त्यावर उसाचे पाचट आणि कांड्या सांडलेल्या असतात. त्यावरून गाडी कोणत्या वाटेने गेली, हे लहान मूलही सांगते. कहकशाँ म्हणजे आभाळातून गेलेल्या अशाच एका गाडीची वाट. येथे गुण उर्दूला.

आता बारामती या नावाकडे पाहा. त्यात 'बारा' हा आकडा लपला आहे. आभाळात सूर्याच्या वाटेवर ताऱ्यांचे बारा गट मानले आहेत. त्यांना मराठीत राशी म्हणतात आणि उर्दूत बुर्ज. (राशीवरून भविष्य सांगणारे लोक असतात. तो आपला विषय नाही. आपल्याला ताऱ्यांची चित्रे पाहायची आहेत.) असद म्हणजे सिंह, अकरब म्हणजे वृश्चिक, मीजान म्हणजे तूळ, कौस म्हणजे धनू आणि हूत म्हणजे मीन. दोन्ही भाषांत चित्रे तीच आहेत. हे उगीच झालेले नाही. बाबिलोन आणि ग्रीस येथील लोकांनी कल्पिलेली ही चित्रे एका वाटेने अरबांकडे गेली आणि दुसऱ्या वाटेने भारतात आली. सरतान म्हणजे खेकडा, आणि कर्क म्हणजेही खेकडा. सरतान हे एका रोगाचेही नाव आहे. मराठीत त्या रोगाला काय म्हणत असतील? कर्करोग! पाहा, न शिकवता एक शब्द आला.

दिवाळीच्या सुमारास रात्री आठ-नऊ वाजता दक्षिणेकडे तोंड करून उभे राहा. एक तेजस्वी तारा एकटाच दिसेल. त्याचे मराठी नाव मीनास्य. मीन म्हणजे मासा आणि आस्य म्हणजे तोंड. जगभर तो 'फोमलहॉट' या नावाने ओळखला जातो. ते नाव अरबी 'फमुलहूत'चे बिघडलेले रूप आहे. फम म्हणजे तोंड आणि हूत म्हणजे मासा. दोन भाषा, एकच मासा, एकच तोंड.

तुमच्या वर्गात सुरैया नावाची मुलगी आहे का? तिला सांगा, की मराठीत तिचे नाव कृत्तिका. हा आभाळातला ताऱ्यांचा लहानसा पुंजका आहे. त्याच्या मागोमाग एक लालसर तारा उगवतो. अरबांनी त्याला दबरान म्हटले, म्हणजे मागून येणारा. मराठीत तो रोहिणी. रोहिणीनंतर मृग. कृत्तिका, रोहिणी, मृग ही नक्षत्रे आहेत. चंद्राच्या वाटेवरची अशी सत्तावीस नक्षत्रे मानतात.

येथे एक खरे कोडे आहे. बारामती आणि इंदापूर या तालुक्यांत पाऊस कमी पडतो. सह्याद्री ढगांना अडवतो आणि इकडे थोडेच ढग पोहोचतात. ज्यांच्या शेताला कालव्याचे पाणी नाही, ते जिरायत शेतकरी जूनच्या सात-आठ तारखेकडे डोळे लावून बसतात. "मृग लागला," असे म्हणतात आणि पेरणीची तयारी करतात. म्हणजे त्या दिवसांत मृग नक्षत्राचे नाव सर्वांच्या तोंडी असते. पण ढग नसले, तरी त्या दिवसांत रात्री ते नक्षत्र कोठेही दिसत नाही! असे का? कारण 'मृग लागला' म्हणजे सूर्य मृग नक्षत्रात आला. नक्षत्र सूर्याबरोबर उगवते आणि सूर्याबरोबरच मावळते. सूर्याच्या उजेडात ते कसे दिसणार? ते पाहायचे असेल, तर जानेवारीत रात्री नऊ-दहाच्या सुमारास मान वर करा.

शेवटचे कोडे चंद्राचे. ते इंदापूरच्या मुलांनी आधी सोडवावे. कारण त्यांच्या गावात चाँदशावली बाबांचा दर्गा आहे, आणि 'इंदापूर' मधल्या 'दा'चा 'दू' केला, तर 'इंदू' होतो. इंदू म्हणजेही चंद्र. (हा नुसता अक्षरांचा खेळ आहे. गावाचे नाव चंद्रावरून पडले, असे कोणाला सांगू नका.)

पूर्ण गोल चंद्राला उर्दूत 'चौदहवीं का चाँद' म्हणतात. मराठीत पौर्णिमा ही पंधरावी तिथी आहे. चंद्र तर एकच. मग एकाचे चौदा आणि दुसऱ्याचे पंधरा कसे? मोजणी कोठून सुरू होते, ते पाहा. अमावास्येला चंद्र सूर्याच्या बाजूला असतो, म्हणून दिसत नाही. अमावास्या संपताच मराठी पंचांग पहिली तिथी, म्हणजे प्रतिपदा, मोजू लागते. पण त्या संध्याकाळी कोर इतकी बारीक असते, की बहुधा दिसतच नाही. ती दिसते दुसऱ्या दिवशी, द्वितीयेला. हिजरी महिना मात्र चंद्र दिसल्यावरच सुरू होतो. म्हणून मराठी मोजणी साधारण एक दिवस पुढे असते. इकडे पंधरा झाले, की तिकडे चौदा. दोघांचेही गणित बरोबर आहे.

याच गणितामुळे ईद दर वर्षी सुमारे अकरा दिवस आधी येते. चंद्राचे बारा महिने ३५४ दिवसांत संपतात, तर सूर्याचे वर्ष ३६५ दिवसांचे असते. हिजरी वर्ष हा फरक तसाच राहू देते. मराठी पंचांग सुमारे तीन वर्षांनी एक जादा महिना घालते. त्याला अधिक महिना म्हणतात. २०२३ साली श्रावण अधिक होता. म्हणून दिवाळी थंडीच्या तोंडालाच राहते आणि रमजान सर्व ऋतूंतून फिरतो.

स्वाध्याय

(१) अक्षरे जुळवून शब्द तयार करा : तू, के, धू, म / ग्र, उ, ह, प / का, कृ, त्ति

(२) 'आकाश नीट पाहा' या वाक्यात एक ग्रह लपला आहे. 'आता रानात चला' आणि 'हिरवी पाने हलली' या वाक्यांत काय लपले आहे?

(३) ओळखा पाहू :
चाल माझी फार हळू, घाई मुळी नाही;
आठवडा संपताना वाराला नाव देई.

(४) चंद्र + यान = चंद्रयान, पण भारताच्या यानाचे नाव 'चांद्रयान' आहे. २३ ऑगस्ट २०२३ रोजी 'चांद्रयान ३' चंद्राच्या दक्षिण ध्रुवाजवळ उतरले. 'चंद्र'चे 'चांद्र' झाल्यावर अर्थात काय फरक पडतो, ते गुरुजींना विचारा. असाच बदल 'सूर्य' या शब्दात करून पाहा.

(५) येत्या महिन्यात चंद्रकोर प्रथम कोणत्या संध्याकाळी दिसते, ते पाहून वहीत लिहा. त्या दिवशीची मराठी तिथी आणि हिजरी तारीख शेजारी लिहा.

(६) धूमकेतू आणि दुमदार तारा, आकाशगंगा आणि कहकशाँ. तुम्ही कोणत्या शब्दाला जास्त गुण द्याल? का ते पाच ओळींत मराठीत लिहा.