वाद, जल्प आणि वितंडा : एका टीव्ही-सूत्रधाराच्या कारकिर्दीतून धडा



यंदा आपल्या शाळेच्या वादविवाद स्पर्धेत विषय होता, ‘शाळेत मोबाइल असावा की नसावा’. एका विद्यार्थ्याने समोरच्या मुलीला चार वेळा मध्येच तोडले, टेबलावर हात आपटला, सभागृहात टाळ्या पडल्या आणि आम्ही परीक्षकांनी पहिला क्रमांक त्यालाच दिला. परीक्षकांत मीही होतो. रात्री घरी बसलो असता त्या मुलीचे म्हणणे काय होते ते आठवू लागलो, तर आठवेना. आम्ही ते ऐकलेच नव्हते. यात मुलाची चूक थोडी, आमची जास्त. म्हणून या अंकातील पाठ त्यावरच घेत आहे.

माझे शिक्षण हिंदी माध्यमात झाले. रोजच्या हिंदीत ‘बहस’ या एकाच शब्दात चर्चाही येते आणि भांडणही. आपल्या न्यायशास्त्राने मात्र यात स्पष्ट भेद केला आहे. गौतमांच्या न्यायसूत्रांत चर्चेचे तीन प्रकार सांगितले आहेत. सत्य जाणण्यासाठी दोन्ही पक्ष बोलतात, तो वाद. केवळ जिंकण्यासाठी, प्रसंगी छळकपटाने बोलतात, तो जल्प. आणि स्वतःचे काहीच न मांडता फक्त दुसऱ्याचे खोडायचे, ती वितंडा. मराठीत ‘वितंडवाद’ म्हणतात तो हाच.

हे तीन प्रकार समजून घेण्यासाठी अमेरिकेतील एका टीव्ही-सूत्रधाराची कारकीर्द पाहू. त्यांचे नाव मॉर्टन डाउनी ज्युनिअर.

त्यांच्या आधीची स्थिती थोडक्यात अशी. 1967 मध्ये ओहायो राज्यातील डेटन शहरात फिल डोनाह्यू यांनी एक कार्यक्रम सुरू केला. त्यांनी माइक प्रेक्षकांच्या हाती दिला. पाहुण्याला अवघड प्रश्न विचारले जात, पण उत्तरालाही जागा असे. हा कार्यक्रम 1996 पर्यंत चालला.

डाउनी यांचा जन्म 1932 चा. वडील प्रसिद्ध गायक होते. मुलानेही आधी गाणे करून पाहिले, मग रेडिओ धरला. 1984 मध्ये कॅलिफोर्नियातील सॅक्रामेंटोच्या रेडिओ केंद्रावर चिनी वंशाच्या लोकांविषयी अपमानकारक शब्द वापरल्यामुळे त्यांची नोकरी गेली. यातून त्यांनी शिकायला हवे होते. झाले उलटेच. ऑक्टोबर 1987 मध्ये न्यू जर्सीतील सेकॉकस येथून त्यांचा टीव्ही कार्यक्रम सुरू झाला आणि 1988 मध्ये तो देशभर दिसू लागला. एमटीव्हीच्या संस्थापकांपैकी बॉब पिटमन हे त्याचे निर्माते होते.

या कार्यक्रमात पाहुणा बोलू लागला की डाउनी त्याच्या अगदी तोंडाजवळ जाऊन ओरडत आणि सिगरेटचा धूर त्याच्या चेहऱ्यावर सोडत. ‘झिप इट’, म्हणजे ‘तोंड बंद ठेव’, हे त्यांचे ठरलेले वाक्य. स्टुडिओतील प्रेक्षकही आरडाओरडा करायलाच येत. ऑगस्ट 1988 मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातील अपोलो थिएटरात चित्रीकरण चालू असताना रॉय इनिस या नेत्यांनी अल शार्पटन या दुसऱ्या नेत्यांना ढकलून खाली पाडले. हे सारे टीव्हीवर दाखवले गेले आणि कार्यक्रमाचे नाव आणखी गाजले.

इथे एक गोष्ट लक्षात घ्या. आरडाओरड्याची नवलाई फार टिकत नाही. काल जेवढा आवाज पुरला तेवढा आज पुरत नाही, म्हणून रोज एक पायरी वर चढावे लागते. दुसरीकडे जाहिरातदार अशा कार्यक्रमापासून अंग काढून घेतात. डाउनी या दोन्हींच्या कात्रीत सापडले.

एप्रिल 1989 मध्ये त्यांनी सांगितले की सॅन फ्रान्सिस्कोच्या विमानतळावर, प्रसाधनगृहात, नाझी विचारांच्या तरुणांनी आपल्यावर हल्ला केला, केस कापले आणि चेहऱ्यावर नाझींचे चिन्ह काढले. पण ते चिन्ह उलटे होते. आरशात पाहून स्वतःच काढले तर जसे येईल तसे. पोलिसांना हल्ल्याचा पुरावा मिळाला नाही. त्याच वर्षी कार्यक्रम बंद पडला. दोन वर्षेही पुरी झाली नव्हती. ज्या माणसाने इतरांना बोलू दिले नाही, त्याच्या बोलण्यावर आता कोणी विश्वास ठेवेना.

पण गोष्ट इथे संपत नाही. 1996 मध्ये डाउनी यांना फुप्फुसाचा कर्करोग झाला आणि एक फुप्फुस काढावे लागले. त्यानंतर ते धूम्रपानाविरुद्ध जाहीरपणे बोलू लागले. ज्या सिगरेटचा त्यांनी टीव्हीवर तोरा मिरवला होता, तीच कशी चुकीची होती हे त्यांनी लोकांना सांगितले. 12 मार्च 2001 रोजी, वयाच्या 68 व्या वर्षी, लॉस एंजेलिस येथे त्यांचे निधन झाले.

माझ्या मते आयुष्याच्या या शेवटच्या काळात डाउनी जल्प आणि वितंडा सोडून वादाकडे आले. कारण ‘माझे चुकले असेल’ हे मान्य करण्याची तयारी ही वादाची पहिली अट आहे.

याचा अर्थ असा नव्हे की अवघड प्रश्न विचारूच नयेत. जरूर विचारावेत, मोठ्यांनाही विचारावेत, मलाही विचारावेत. फक्त प्रश्न विचारल्यावर थांबावे. उत्तर ऐकायचे नसेल तर तो प्रश्न नव्हे, नुसता हल्ला.

स्पर्धेच्या दुसऱ्या दिवशी त्या मुलीला ऑफिसात बोलावून मी तिचे भाषण पूर्ण ऐकले. ती म्हणत होती, “सर, बंदी घातली की मोबाइल दप्तरात लपतो, नियम केला की टेबलावर येतो.” मुद्दा विचार करण्यासारखा होता. निकाल आता बदलता येणार नाही, पण नियम बदलता येतो. पुढील स्पर्धेपासून प्रत्येक वक्त्याने आधी समोरच्या पक्षाचे म्हणणे आपल्या शब्दांत, त्याला मान्य होईल असे, सांगायचे आहे. त्यालाच पूर्वपक्ष म्हणतात. त्यासाठी 10 गुण राखून ठेवले आहेत. मध्येच तोडल्यास गुण कापले जातील.

स्वाध्याय

1. वाद, जल्प आणि वितंडा यांतील फरक प्रत्येकी एका वाक्यात लिहा.
2. या आठवड्यात टीव्हीवरील एक चर्चा घरच्यांबरोबर पाहा. किती प्रश्नांची उत्तरे पूर्ण होऊ दिली, ते मोजा.
3. तुम्हाला न पटणारे एक मत निवडा आणि ते मानणारा माणूस ‘हो, माझे म्हणणे हेच आहे’ असे म्हणेल, अशा पाच ओळी लिहा.

तिसरा प्रश्न पालकांनीही सोडवून पाहावा. मी सोडवतो आहे. वाटतो तितका सोपा नाही.

– प्राचार्य