हे स्टेशन कुणाचं? व्हिक्टोरियन वास्तुशैली शिकवताना



गेल्या वर्षीची गोष्ट. चौथीच्या वर्गात मी टीव्हीवर मुंबईतल्या प्रसिद्ध इमारतींची चित्रं दाखवत होते. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसचा फोटो आला आणि मी विचारलं, "हे काय आहे, कोण सांगेल?" एक मुलगी पटकन उभी राहिली. "बाई, हे आमच्या पप्पांचं स्टेशन आहे!"

तिचे वडील मुंबईत डबे पोचवतात. सगळा वर्ग हसला. मीही हसले आणि म्हणाले, "अगं, हे इंग्रजांनी बांधलंय." ती खाली बसली आणि तास संपेपर्यंत तिने पुन्हा हात वर केला नाही.

घरी आल्यावर ते मनातून जाईना. मी सांगितलं ते खोटं नव्हतं, पण पूर्णही नव्हतं. म्हणून नीट वाचन केलं आणि तोच पाठ पुन्हा घेतला. त्या तयारीतून जे हाती लागलं ते आज तुमच्यापुढे मांडते.

व्हिक्टोरियन म्हणजे काय?

इंग्लंडच्या गादीवर व्हिक्टोरिया राणी १८३७ ते १९०१ एवढा काळ होती. या काळात तिथे आणि ब्रिटिशांच्या वसाहतींत ज्या इमारती उभ्या राहिल्या, त्यांना ढोबळमानाने व्हिक्टोरियन म्हणतात. म्हणजे हे एकाच शैलीचं नाव नाही. त्यात अनेक प्रकार आहेत. सगळ्यात गाजलेला प्रकार म्हणजे व्हिक्टोरियन गॉथिक.

गॉथिक ही मूळची युरोपातल्या मध्ययुगीन चर्चची शैली. उंच मनोरे, टोकदार कमानी, रंगीत काचा. १८३४ मध्ये लंडनच्या संसदेला आग लागली आणि नवी इमारत याच जुन्या पद्धतीने बांधायचं ठरलं. चार्ल्स बॅरी आणि ऑगस्टस प्युजिन यांनी ती घडवली. त्यानंतर स्टेशन, न्यायालयं, विद्यापीठं, बाजार सगळं काही गॉथिक रूपात दिसू लागलं. देवळासाठी जन्मलेली शैली रेल्वेसाठी वापरली गेली असं मुलांना सांगितलं की त्यांना गंमत वाटते.

ओळखायचं कसं?

मुलांना व्याख्या पाठ करायला देऊ नका. चार खुणा द्या.

१. टोकदार कमान. अर्धगोल कमान वरचा भार खांबांवर टाकते, पण बाजूंनाही बराच रेटा देते. टोकदार कमानीच्या बाजू जास्त उभ्या असतात, त्यामुळे भार जास्त खाली जातो आणि बाजूचा रेटा कमी होतो. म्हणून इमारत उंच नेता येते.

२. वेगवेगळ्या रंगांचा दगड. पिवळसर, लालसर, काळा. रंगाने वर लेप न देता दगडाच्या रंगानेच नक्षी साधायची.

३. दगडात कोरलेली पानं, फुलं, पक्षी, प्राणी. छपराचं पाणी बाहेर टाकणारी प्राण्याच्या तोंडाची पन्हाळसुद्धा. आपल्या देवळातलं गोमुख मुलांनी पाहिलेलं असतं, त्याची आठवण करून द्या.

४. बिडाचे खांब, कठडे, जिने. कारखान्यात लोखंड ओतून एकाच साच्याचे शेकडो नग काढता येऊ लागले, तो हा काळ. मुंबईच्या वॉटसन हॉटेलचा लोखंडी सांगाडा तर इंग्लंडमध्ये तयार होऊन बोटीने आला आणि १८६० च्या दशकात इथे जोडला गेला.

मुंबईत ही शैली कशी आली?

१८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध झालं. तिथला कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, म्हणून आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईत पैशाचा पूर आला. त्याच सुमारास गव्हर्नर बार्टल फ्रियर यांनी मुंबईच्या जुन्या किल्ल्याचे तट पाडायला लावले आणि मोकळ्या झालेल्या जागेत नवी मुंबई उभी करायला सुरुवात केली. (आजची वाशी-नेरुळची नवी मुंबई नव्हे!)

राजाबाई टॉवरचं काम १८६९ मध्ये सुरू होऊन १८७८ मध्ये संपलं. उंची २८० फूट. आराखडा लंडनचे जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांचा. विशेष म्हणजे ते आयुष्यात कधी भारतात आलेच नाहीत! मनोऱ्यासाठी पैसा दिला व्यापारी प्रेमचंद रायचंद यांनी आणि त्याला नाव दिलं आपल्या आईचं.

१८७८ मध्येच फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांच्या आराखड्यानुसार बोरीबंदरच्या स्टेशनचं काम सुरू झालं. ते दहा वर्षं चाललं. १८८७ मध्ये राणीच्या राज्यारोहणाला पन्नास वर्षं झाली, म्हणून व्हिक्टोरिया टर्मिनस असं नाव पडलं. २००४ मध्ये युनेस्कोने या स्टेशनला जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. ओव्हल मैदानाभोवतालच्या व्हिक्टोरियन गॉथिक आणि आर्ट डेको इमारतींच्या समूहाला २०१८ मध्ये तीच मान्यता मिळाली.

हात कुणाचे?

आता माझ्या त्या अर्धवट वाक्याकडे येते, "इंग्रजांनी बांधलंय".

आराखडा इंग्रजांचा, हे खरं. पण दगड आपल्या खाणींतला आणि तो घडवणारे पाथरवट आपले. स्टेशनच्या कामात स्टीव्हन्स यांच्यासोबत सीताराम खंडेराव यांच्यासारखे इथले अभियंते होते. कोरीवकामात जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या विद्यार्थ्यांचा हात होता. म्हणूनच त्या भिंतींवर आपल्याकडचे मोर आणि माकडं दिसतात. राजाबाई टॉवरवर पश्चिम भारतातल्या निरनिराळ्या जातीजमातींच्या माणसांचे पुतळे आहेत. ते घडवण्याचं श्रेय रावबहादूर मुकुंद रामचंद्र या आपल्याच माणसाला जातं. पुण्याच्या मंडईची इमारत १८८५-८६ मध्ये उभी राहिली. तिचे कंत्राटदार होते वासुदेव बापूजी कानिटकर.

आणि पैसा कुणाचा?

हा भाग मुलांना सोप्या शब्दांत का होईना, पण सांगायलाच हवा. नाहीतर आपण फक्त घुमटांचं कौतुक करत बसतो.

अमेरिकेतलं युद्ध संपलं आणि कापसाचे भाव कोसळले. दख्खनचा शेतकरी कर्जात रुतला होता. १८७५ मध्ये पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी सावकारांच्या कर्जाच्या वह्या जाळल्या. पाठोपाठ १८७६ ते ७८ चा भयंकर दुष्काळ आला. राजाबाई टॉवर पूर्ण झाला ते वर्ष १८७८. स्टेशनचा पाया पडला तेही वर्ष १८७८. फळ्यावर मधोमध एक रेघ मारा. एका बाजूला मुंबईच्या इमारतींची वर्षं लिहा, दुसऱ्या बाजूला आपल्या भागातल्या घटनांची. मी लिहिलं तेव्हा वर्ग शांत झाला. एक मुलगा म्हणाला, "म्हणजे तिकडे बांधत होते आणि इकडे खायला नव्हतं?" यापेक्षा जास्त मला काही समजावावं लागलं नाही.

हा प्रश्न त्या काळातही विचारला गेला होता. पुणे नगरपालिकेचे सदस्य असताना महात्मा जोतीराव फुले यांनी मंडईवरच्या मोठ्या खर्चाला विरोध केला. तो पैसा शिक्षणाकडे वळवा, असं त्यांचं म्हणणं होतं. मंडई बांधली गेलीच आणि तिला गव्हर्नर लॉर्ड रे यांचं नाव मिळालं. पुढे त्याच इमारतीला महात्मा फुल्यांचं नाव दिलं गेलं. मुंबईचं क्रॉफर्ड मार्केटही आज त्यांच्याच नावाने आहे. आपल्याकडचा माल पिढ्यान्‌पिढ्या मुंबई-पुण्याच्या बाजारांत जात आला आहे, तेव्हा शेतकऱ्याच्या मुलांना ही गोष्ट माहीत असायला हवी.

जगभर काय झालं?

ही शैली जिथे गेली तिथे बदलली. ऑस्ट्रेलियात मेलबर्नच्या घरांना उन्हासाठी व्हरांडे आले आणि त्यांना बिडाच्या नक्षीची जणू झालर लागली. अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोजवळ रेडवूडची जंगलं होती, म्हणून तिथली व्हिक्टोरियन घरं लाकडाची झाली. दक्षिण अमेरिकेत गयानाच्या जॉर्जटाउनमध्ये तर अख्खं गॉथिक चर्च लाकडात बांधलं आहे.

इथे आपल्या मुलांना लेण्यांची आठवण करून द्या. लेण्याद्रीला, मानमोडीला चैत्यकमान बघितली आहे ना? पिंपळपानाच्या आकाराची? ती मूळची लाकडी बांधकामातली. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी आपल्या कारागिरांनी लाकडाचं रूप दगडात कोरलं. तिकडे जॉर्जटाउनमध्ये दगडाचं रूप लाकडात उतरलं. रूप प्रवास करतं आणि जिथे पोचतं तिथल्या सामानातून, तिथल्या हातांतून नव्याने घडतं.

प्रभाव दोन्ही बाजूंनी पडतो हेही सांगा. आपण रोज बोलतो तो 'बंगला' शब्द मूळचा बंगाली पद्धतीच्या घराचा. इंग्रजांनी तो उचलला आणि इंग्लंड, अमेरिका, ऑस्ट्रेलियापर्यंत नेला.

वर्गात आणि घरी काय करता येईल?

आपल्या जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांत रेल्वेचा रूळ नाही. मुंबईची सहल प्रत्येक शाळेला परवडत नाही. तरी पुढचे उपक्रम विनाखर्च होतात.

• कमानीचा प्रयोग: बाकावर दोन हलक्या वह्या थोड्या अंतरावर ठेवा. मध्ये पुठ्ठ्याची पट्टी वाकवून कमान करा आणि वर एकेक खोडरबर ठेवा. वह्या बाहेर सरकतील. मग पट्टी मधोमध दुमडून उंच, टोकदार कमान करा आणि फरक बघा. वह्यांना बाहेरून हाताने टेकू द्यायला लावा. जाड आधारभिंती कशासाठी असतात ते आपोआप कळतं.

• गावफेरी: गावातली जुनी शाळा, चावडी, विश्रामगृह, एखादा वाडा बघायला न्या. व्हरांडा आहे का? छपराच्या कडेला लाकडी नक्षीची पट्टी आहे का? बिडाचा कठडा, रंगीत काच? मंगलोरी कौल असेल तर ते उलटून त्यावरचा शिक्का वाचा. ही कौलं १८६५ मध्ये मंगळूरला बासेल मिशनच्या कारखान्यात प्रथम तयार झाली. म्हणजे स्वित्झर्लंडच्या मिशनने तयार केलेलं कौल आपल्या गावच्या शाळेवर!

• मुंबईला फोन: आपल्या प्रत्येक गावातलं कुणी ना कुणी मुंबईत असतंच. पालकहो, इथे तुमची मदत लागेल. काका, मामा, बाबा जे कुणी तिकडे असतील त्यांना फोन लावून द्या. "तुम्ही रोज ज्या जुन्या इमारतीजवळून जाता, तिच्यावर काय कोरलंय?" एवढंच मुलाने विचारायचं.

शेवटच्या उपक्रमाबद्दल थोडं अधिक. मुंबईच्या डबेवाल्यांत जुन्नर, आंबेगाव, खेड, मावळ, अकोले या भागांतली माणसं मोठ्या संख्येने आहेत. महादू हावजी बच्चे यांनी ही सेवा १८९० मध्ये सुरू केली असं मानलं जातं. म्हणजे बोरीबंदरचं स्टेशन पूर्ण झाल्यावर अवघ्या दोन वर्षांनी. चर्चगेट स्टेशनसमोरची रेल्वेच्या मुख्यालयाची देखणी इमारत १८९९ ची, तीही स्टीव्हन्स यांचीच. आपली माणसं या इमारतींच्या सावलीत एक शतकाहून अधिक काळ डबे लावतायत. पर्यटक फोटो काढून जातात, स्टेशन चालतं ते रोज तिथे राबणाऱ्यांमुळे.

आणि नाव? स्वातंत्र्यानंतर दर्शनी भागातला राणीचा पुतळा हटवण्यात आला. १९९६ मध्ये स्टेशनला छत्रपती शिवाजी महाराजांचं नाव मिळालं, २०१७ मध्ये त्यात 'महाराज' हा शब्द जोडला गेला. आपल्या शिवनेरीवर जन्मलेल्या राजाचं नाव आज त्या दगडी स्टेशनला आहे. चौथीला आपण शिवरायांचा इतिहास शिकवतो. शिवनेरी ते बोरीबंदर हा धागा जुन्नरच्या मुलांना सोडून दुसऱ्या कुणाला जास्त जवळचा वाटेल?

पाठ दुसऱ्यांदा घेतला तेव्हा सुरुवातीलाच मी वर्गासमोर म्हणाले, "त्या दिवशी मी अर्धंच सांगितलं होतं. आज उरलेलं अर्धं सांगते." आणि त्या मुलीला वडिलांना फोन करायचं काम दिलं. दोन दिवसांनी ती आईचा मोबाइल घेऊन आली. वडिलांनी फाटकाचे दोन फोटो पाठवले होते. एका खांबावर सिंह, दुसऱ्या खांबावर वाघ. सिंह इंग्लंडचा आणि वाघ भारताचा, हे मी सांगितलं. तिने फोन सगळ्या बाकांवरून फिरवला.

"पप्पा म्हणाले, वीस वर्षं झाली इथून जातोय, वर कधी बघितलंच नव्हतं."

यावेळी कुणी हसलं नाही.