कोर्टात गुण मागू नका, मुदत मागा

कायद्याच्या शेवटच्या वर्षी एका विषयात माझी केटी लागली. उत्तरपत्रिकेची छायांकित प्रत मागवली, तर पुरवणीतल्या एका अख्ख्या उत्तरावर पेनाचा टिपकाही नव्हता आणि पहिल्या पानावरच्या तक्त्यात त्या प्रश्नासमोर नुसती आडवी रेघ. पुनर्मूल्यांकनाचा अर्ज मुदतीत केला, शुल्क भरलं. पुढे परीक्षा विभागाच्या खिडकीवर एकच उत्तर: "प्रोसेसमध्ये आहे." तिकडे एलएलएमचे प्रवेश संपत आले होते. शेवटी उच्च न्यायालयात रिट याचिका केली.

आदेश माझ्या बाजूने झाला, निकाल लागला, मी पासही झालो. पण तोवर प्रवेश बंद झाले होते. वर्ष गेलं ते गेलंच. म्हणून या वाटेने निघालेल्यांना काही गोष्टी सांगतो.

पहिली म्हणजे कोर्ट पेपर तपासत नाही. मी खुणा करून जोडलेली पुरवणी न्यायमूर्तींनी उघडलीच नाही. विद्यापीठाच्या वकिलांना त्यांनी एवढंच विचारलं, अर्ज कधी आला आणि निकाल कधी लावणार? यात नवल नाही. पुनर्मूल्यांकन नाकारणारा राज्य मंडळाचा नियम सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्येच परितोष शेठ प्रकरणात वैध ठरवला. २०१७ च्या रणविजय सिंह निकालातही उत्तरपत्रिकांची फेरतपासणी न्यायालयांनी स्वतः करू नये, असंच सांगितलं. नियमात पुनर्मूल्यांकनाची सोय असेल, तर ते वेळेत करा असा आदेश मात्र मागता येतो. याचिकेचा जोर तिथेच हवा.

त्यासाठी कागद हवेत. २०१६ च्या महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायद्यानुसार परीक्षेचा निकाल ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत लागायला हवा. पुनर्मूल्यांकनाचं वेळापत्रक आपल्या विद्यापीठाच्या परिपत्रकात शोधा आणि त्याची प्रत ठेवा. खिडकीवर तोंडी विचारून उपयोग नाही. लेखी अर्ज द्या, त्यात प्रवेशाची शेवटची तारीख लिहा आणि आवक क्रमांकासह शिक्क्याची पोच घ्या. 'आधी विद्यापीठाकडे मागणी केली होती का?' या प्रश्नाला ती पोच हेच उत्तर.

छायांकित प्रत मिळत नसेल तर माहितीचा अधिकार आहे. स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये मान्य केला. पण उत्तरपत्रिका ठरावीक काळच जपतात, नंतर त्या नष्ट होतात. अर्ज लगेच करा. निकालाला उशीर झाल्याची तक्रार यूजीसीच्या २०२३ च्या नियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे आणि पुढे लोकपालांकडे नेता येते. मात्र ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवल्याशिवाय लोकपाल फेरतपासणीचा अर्ज घेत नाहीत.

आता सगळ्यात महागात पडणारी गोष्ट. जागा राखून ठेवायची किंवा तात्पुरता प्रवेश हवा असेल, तर जिथे प्रवेश घ्यायचा ती संस्था आणि प्रवेश देणारी यंत्रणा यांनाही प्रतिवादी करा आणि अंतरिम दिलासा पहिल्याच सुनावणीत मागा. माझ्या याचिकेत प्रतिवादी होतं फक्त विद्यापीठ. त्यामुळे आदेश झाला तो विद्यापीठापुरता. प्रवेश देणाऱ्यांवर त्याचं बंधन नव्हतं.

आणि शेवटची तारीख उलटेपर्यंत थांबू नका. उन्हाळी सुटीत कोर्टाचं नियमित कामकाज बंद असतं. सुटीतल्या खंडपीठापुढे जायचं तर तातडी पटवून द्यावी लागते. वकिलाच्या फीची अडचण असेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. विद्यार्थिनींना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

याचिका दाखल केली तरी केटीचा फॉर्म भरा आणि अभ्यास सुरू ठेवा. पुनर्मूल्यांकनात पास झालात तर फॉर्मचे पैसे वाया जातील, एवढंच. फॉर्म भरला नाही आणि निकाल लांबला, तर पुढचं सत्रही हातचं जाईल.