बर्कली ते कासेगाव

अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्यात फ्रीमाँट नावाचे शहर आहे. तेथे अनेक भारतीय कुटुंबे राहतात. शिक्षण आणि नोकरीसाठी भारतातून तिकडे जाणारे पुष्कळ असतात. परंतु त्याच भागातून उलट दिशेने निघून सांगली जिल्ह्यातील कासेगावी कायमच्या स्थायिक झालेल्या लेखिका म्हणजे डॉ. गेल ऑम्व्हेट.

गेल यांचा जन्म २ ऑगस्ट १९४१ रोजी अमेरिकेतील मिनिआपोलिस येथे झाला. फ्रीमाँट ज्या आलामेडा परगण्यात आहे, त्याच परगण्यातील बर्कलीच्या विद्यापीठात त्यांनी समाजशास्त्राचे उच्च शिक्षण घेतले. महाराष्ट्रातील ब्राह्मणेतर चळवळ हा त्यांच्या संशोधनाचा विषय होता. त्यासाठी त्या महाराष्ट्रात आल्या व मराठी शिकल्या.

महात्मा फुले यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' हा ग्रंथ गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील लोकांना अर्पण केला होता. त्याच वर्षी त्यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला. बरोबर शंभर वर्षांनी, १९७३ साली, फुल्यांनी सुरू केलेल्या या चळवळीवरील प्रबंधासाठी एका अमेरिकन तरुणीला डॉक्टरेट मिळाली. जणू त्या अर्पणपत्रिकेला शतकानंतर उत्तर आले!

१९७६ साली कार्यकर्ते डॉ. भारत पाटणकर यांच्याशी त्यांचा विवाह झाला. १९८३ साली त्यांनी भारताचे नागरिकत्व स्वीकारले. त्या केवळ टेबलाशी बसून लिहीत नसत. शेतमजूर, धरणग्रस्त, दुष्काळग्रस्त व परित्यक्ता स्त्रिया यांच्या लढ्यांत त्या सामील होत. मोर्चात चालत, बायाबापड्यांचे बोलणे ऐकत आणि मग लिहीत. कष्टकरी स्त्रियांच्या लढ्यावरील त्यांचे पुस्तक १९८० साली प्रसिद्ध झाले. १९९४ साली डॉ. आंबेडकर व दलित चळवळ यांवरील ग्रंथ आला. संत रविदासांनी 'बेगमपुरा' या दुःखरहित नगराचे स्वप्न पाहिले होते. २००८ सालच्या ग्रंथात गेल यांनी त्या स्वप्नाचा माग घेतला. तुकोबांचे अभंगही त्यांनी पाटणकरांसह इंग्रजीत नेले.

२५ ऑगस्ट २०२१ रोजी कासेगाव येथे त्यांचे निधन झाले.

राजांचा इतिहास लिहिणारे पुष्कळ असतात. ज्यांच्या घामावर समाज उभा राहतो, त्यांचा इतिहास मात्र बहुधा अलिखितच राहतो. तो लिहायचा, तर आधी त्यांची भाषा शिकावी लागते आणि त्यांच्या शेजारी बसावे लागते. गेल यांनी हेच केले.

स्वाध्याय
१. गेल ऑम्व्हेट मराठी का शिकल्या?
२. 'अर्पणपत्रिकेला शतकानंतर उत्तर आले' असे लेखकाने का म्हटले आहे?
३. तुमच्या गावातील एखाद्या कष्टकरी व्यक्तीशी बोला व तिची हकिकत दहा ओळींत लिहा.