भीती मिक्सरची, दुर्लक्ष जखमेकडे

पेसमेकर बसवून माणूस घरी आला की पहिली चर्चा होते ती मोबाइल, मिक्सर आणि मायक्रोवेव्हची. माझ्या मते ही भीती बरीचशी अनाठायी आहे आणि तिच्या गडबडीत खऱ्या काळजीच्या गोष्टी राहून जातात. मोबाइल शर्टाच्या खिशात ठेवू नये, पेसमेकरच्या विरुद्ध बाजूच्या कानाला लावावा. इंडक्शन शेगडीपासून दोनेक फूट लांब राहावं. मिक्सर-मायक्रोवेव्ह खुशाल वापरा. जपायचं ते खांद्याला. शस्त्रक्रिया बायपासइतकी मोठी नसते. छातीचं हाड कापावं लागत नाही. कॉलरबोनखालची जागा बधिर करून छोटा छेद घेतात, शिरेतून तार हृदयात सोडतात आणि यंत्र कातडीखाली ठेवतात. पण तारेचं टोक आत पक्कं बसायला काही आठवडे जातात. तोवर यंत्राच्या बाजूच्या हाताने भरलेली बादली उचलली किंवा माळ्यावरचा डबा काढला, तर तार सरकू शकते. ‘मग हात हलवायचाच कशाला?’ असं घरचे म्हणतात. हात झोळीत अडकवून ठेवला की खांदा आखडतो आणि ते दुखणं महिनोन्‌महिने पुरतं. खांद्याच्या खालच्या पातळीत हात हलता ठेवायलाच हवा.

जखमेबाबत मात्र मी कडक आहे. लाली, सूज, पाझर किंवा ताप दिसला तर हळदीचा लेप नको आणि गल्लीतल्या दवाखान्यात सुई घालून पाणी काढणं तर मुळीच नको. यंत्राला जंतुसंसर्ग झाला की नुसत्या गोळ्यांनी सहसा भागत नाही, तारांसकट सगळं काढावं लागतं.

‘आता ठणठणीत आहे, तपासणी कशाला?’ हा युक्तिवाद ऐकायला बरा वाटतो. पण बॅटरी उतरत चालली आहे हे अंगाला कळत नाही. ते तपासणीच्या यंत्रावरच दिसतं. साधारण आठ-बारा वर्षांनी पेसमेकर बदलावा लागतोच. १९५८ साली स्टॉकहोममध्ये आर्ने लार्सन यांना पहिला पेसमेकर बसवला, तो काही तासच चालला. लार्सन २००१ पर्यंत जगले, ते वीसहून अधिक यंत्रं बदलून. शिवाय पेसमेकर मंदावलेले ठोके सांभाळतो, रक्तवाहिन्यांतले अडथळे काढत नाही की रक्तदाब उतरवत नाही. तेव्हा रक्तदाबाच्या गोळ्या परस्पर बंद करू नयेत.

यंत्राचं कार्ड पाकिटात असावं, एमआरआयच्या आधी ते दाखवावं. आणि बोलायला अवघड, तरी घरच्यांना माहीत हवं: दहनापूर्वी पेसमेकर काढून घ्यावा लागतो, नाहीतर उष्णतेने त्याचा स्फोट होऊ शकतो.