बटण दाबण्याआधी आणि नंतर

प्रश्न : ‘इंटरसेक्स व्यक्तींनी आणि छायाचित्रकाराने मिळून साकारलेली व्यक्तिचित्रे’ असे एका लेखात वाचले. फोटो तर फोटोग्राफरच काढतो. समोरच्याने बसण्यापलीकडे करायचे तरी काय असते? (एक वाचक, सातारा)

उत्तर : शंका रास्त आहे, बटण एकच जण दाबतो. पण या विषयात फोटो काढण्याचा इतिहासच असा आहे, की बाकीचे निर्णय कुणाचे हे विचारावेच लागते.

ज्यांची गुणसूत्रे, जननग्रंथी किंवा जननेंद्रिये जन्मतःच स्त्री किंवा पुरुष या ठरीव साच्यात बसत नाहीत, त्या व्यक्ती इंटरसेक्स. (तृतीयपंथी असणे वेगळे, आपल्याकडे दोन्हींची सर्रास गल्लत होते.) १८६० साली पॅरिसच्या नादार या नामवंत छायाचित्रकाराने बहुधा त्रूसो या डॉक्टरांच्या सांगण्यावरून अशा एका व्यक्तीचे फोटो काढले. याच नादारने कवी बोदलेअरचे फोटो काढले, त्यांत कवी स्वतःच्या तोऱ्यात दिसतो. इथे मात्र ती व्यक्ती आडवी झालेली, चेहऱ्यावर हात घेतलेला, आणि तपासणाऱ्याचा हात चौकटीत घुसलेला. तिचे नाव आज कुणालाच ठाऊक नाही.

पुढे वैद्यकाच्या पुस्तकांत उघडे शरीर आणि डोळ्यांवर काळी पट्टी, असा रिवाजच पडला. ओळख लपावी म्हणून पट्टी, हे खरे. पण लहान मुलाला कपडे उतरवून उभे करताना त्याला विचारले कुणी? अमेरिकेत १९९३ मध्ये इंटरसेक्स व्यक्तींची संघटना उभी राहिली, तेव्हा अशा फोटोंबद्दल आणि न विचारता झालेल्या शस्त्रक्रियांबद्दल लोक उघड बोलू लागले. (बाळांवरच्या अनावश्यक शस्त्रक्रियांना तामिळनाडूने २०१९ मध्ये बंदी घातली, तीही मद्रास उच्च न्यायालयाच्या निकालानंतर.)

छायाचित्रकार डेल लाग्रेस व्होल्कॅनो यांचे काम या पार्श्वभूमीवर पाहावे. जन्म १९५७, कॅलिफोर्नियातला, स्वतः इंटरसेक्स. कॅमेरा स्वतःवरही रोखला आणि आपल्यासारख्या इतरांवरही, त्यांना सोबत घेऊन. अशा कामात समोरची व्यक्ती जागा ठरवते, अंगावर काय असेल ते ठरवते, कोणता फोटो ठेवायचा आणि कोणता फाडायचा तेही. नाव छापायचे की नाही, हा निर्णयही तिचाच.

तरी भिंतीवर मोठ्या अक्षरांत नाव बहुधा छायाचित्रकाराचेच असते, हे मला खटकते. असे प्रदर्शन कुठे पाहायला मिळाले, तर फोटोशेजारचा मजकूर कुणी लिहिला आहे, तेवढे जरूर तपासा.